वडशाच्या नाटक निर्मात्यांना एका ऑक्टोपॅडवाल्याचं खुलं पत्र

समस्त निर्माते मंडळी,
रामराम जी.

पोळा झाला. धान निसवायला लागला आहे. आता दसरा येईल, मग वडशाला, म्हणजे पूर्व विदर्भातल्या आपल्या झाडीपट्टीच्या नाटक कंपन्यांच्या गावी, तुमच्या ऑफिसांसमोर गावोगावच्या मंडळांच्या मोटारसायकली उभ्या राहतील. हिरो कोण, व्हिलन कोण, लावणीला कोण, हे विचारून तारखा ठरतील. त्या गर्दीत माझं कोणी ऐकणार नाही, म्हणून आधीच लिहितो आहे. मी ब्रम्हपुरी तालुक्यातला. अठरा हंगाम ऑक्टोपॅड, म्हणजे काठ्यांनी बडवायचं ते इलेक्ट्रॉनिक तालवाद्य, वाजवला. नाव लिहीत नाही, कारण यंदाही तुमच्यापैकीच कोणाच्या तरी दारात काम मागायला यायचं आहे.

गेल्या हंगामात एका कंपनीनं संगीताची मंडळी काढून टाकली. पेटी, तबला, ऑक्टोपॅड अशा तिघांच्या जागी एक पोट्टा आणि त्याचा लॅपटॉप. गाणी ट्रॅकवर, म्हणजे आधीच रेकॉर्ड केलेली, व्हिलनची एन्ट्री ट्रॅकवर, बहीण सासरी निघते तेव्हाची सनईसुद्धा ट्रॅकवर. खर्च वाचला, हे खरं. डिझेल वाढलं, कलाकारांची नाईट, म्हणजे एका प्रयोगाचे पैसे, वाढली, अवकाळी पावसानं एक प्रयोग बुडाला की त्याचा घाटा पुढच्या चार प्रयोगांत भरून निघत नाही, हेही मला दिसतं. आता ऐकतो की आणखी दोन-तीन कंपन्या त्याच विचारात आहेत. मी चिडून लिहीत नाही. थोडा चिडलेलो आहे, पण लिहितो आहे ते दुसऱ्याच एका कंपनीबद्दल. तीही फिरती. तीही भावाभावांनी काढलेली. पन्नासाहून जास्त वर्षं झाली, आणि 2025 चा युरोपचा दौरा त्यांनी आपल्या पोळ्याच्या सुमारास स्कॉटलंडात, एडिनबरात संपवला. ऑस्ट्रेलियातला रॉक बँड, नाव एसी/डीसी.

हे नाव माझ्या आयुष्यात आलं ते गैरसमजातून. नागपूरला आयटीआयला होतो, इलेक्ट्रिशियन ट्रेडला. खोलीत चंद्रपूरकडचा एक जण होता, त्याच्याजवळ एक कॅसेट होती. काळंकुट्ट कव्हर, आणि त्यावर एसी, मग विजेची रेघ, मग डीसी. मला वाटलं थेअरीची कॅसेट आहे, करंटचे प्रकार समजावून सांगितले असतील. परीक्षा तोंडावर होती. मी ती मागून घेतली आणि वही-पेन घेऊन ऐकायला बसलो.

आधी घंटा वाजली. एकच, जड, सावकाश. मग पुन्हा. मला देवळातली आरती सुरू होते आहे असं वाटलं. मग गिटार आली, मग ढोल, आणि मग एक माणूस असा ओरडायला लागला की शेजारच्या खोलीतला वर्धेचा पोट्टा धावत आला. सुट्टीत तीच कॅसेट घरी लावली तर आई चुलीपुढून म्हणाली, "कोणाचा जीव चालला गा?"

आईचा अंदाज फार चुकला नव्हता. ते काळं कव्हर सुतकाचंच होतं. पण ते पुढे सांगतो.

नावाची गोष्ट आधी ऐका. यंग कुटुंब मूळचं स्कॉटलंडातल्या ग्लासगोचं. 1963 मध्ये घरच्यांनी ऑस्ट्रेलिया गाठलं. थोरला भाऊ जॉर्ज तिकडे ईझीबीट्स नावाच्या बँडमध्ये नावारूपाला आला. धाकट्या माल्कम आणि अँगसनं 1973 मध्ये सिडनीत आपला बँड काढला, आणि त्याच वर्षीच्या 31 डिसेंबरच्या रात्री तिथल्या एका नाईट क्लबात लोकांपुढे वाजवलं. नाव काय ठेवायचं? बहीण मार्गारेटला सिलाई मशीनवर ही अक्षरं दिसली होती, तिनं ती सुचवली. अँगसनं शाळेच्या गणवेशात स्टेजवर जावं, हीसुद्धा तिचीच कल्पना. हाफपँट, टाय, टोपी, पाठीवर दप्तर. तो माणूस 2025 मध्ये सत्तर वर्षांचा झाला आणि अजून हाफपँटीतच स्टेजवर येतो. आपल्याकडे विनोदी नटानं एकदा लांब नाड्याचा पट्ट्यापट्ट्यांचा चड्डा घातला की लोक त्याला दुसऱ्या कपड्यात ओळखत नाहीत, तसंच आहे ते.

त्यांनाही सुरुवातीला आपल्यासारखंच फिरावं लागलं. 1976 च्या फेब्रुवारीत मेलबर्नच्या स्वॉन्स्टन स्ट्रीटवर त्यांनी उघड्या ट्रकवर उभं राहून गाणं वाजवलं, मागून स्कॉटलंडची मशकबीन, आणि रस्त्याच्या कडेला थबकलेले लोक. त्याचं चित्रीकरण आजही बघायला मिळतं. मी ते पहिल्यांदा बघितलं तेव्हा मला आपली प्रचाराची गाडी आठवली. 'आज रात्री ठीक दहा वाजता' म्हणत मंडईच्या, म्हणजे दिवाळीनंतरच्या जत्रेच्या, गर्दीतून जाणारी, आणि मागे धावणारी शेंबडी पोरं. त्याच मेलबर्ननं 2004 मध्ये आपल्या एका गल्लीला या बँडचं नाव दिलं.

आता मुद्द्यावर येतो.

या बँडबद्दल जाणकारांची जुनी तक्रार आहे की हे लोक एकच गाणं पन्नास वर्षं वाजवतात. तेच दोन-चार कॉर्ड, तोच ठेका. ऐकलं की वाटतं, हे तर पुण्या-मुंबईचे लोक आपल्याबद्दल बोलतात. तीच भावा-बहिणीची माया, तोच दारुडा बाप, तोच पाटील, शेवटी तेच रडणं. 2023 मध्ये झाडीपट्टीचे नट परशुराम खुणेंना पद्मश्री मिळाली तेव्हा थोडे दिवस सूर बदलला, मग परत तेच. पण ज्याला ऑक्टोपॅड वाजवता येतो त्यानं या बँडचा ड्रमर ऐकावा. फिल रड त्याचं नाव. त्याच्या हाताला खाज नाही. जिथे दुसरा ड्रमर दहा ठोके मारून हुशारी दाखवेल तिथे तो एक मारतो आणि थांबतो. मी पहिली सहा-सात वर्षं हेच चुकत होतो. पॅडवर आठ जागा आहेत म्हणून आठही जागा बडवायचो. आमचे पेटीमास्तर मान हलवायचे, बोलायचे नाहीत. एकदा पहाटे चहा पिताना एवढंच म्हणाले, "तू वाजवतोस तेव्हा तो बोलत असतो ना जी." तो म्हणजे स्टेजवरचा नट. त्या रात्रीनंतर मी फिल रडचा ठेका नीट ऐकला. गाणाऱ्याला आणि गिटारीला जागा मिळावी म्हणून तो स्वतःला आवरतो. तो माणूस म्हणून सरळ होता असं नाही. माल्कमशी भांडून 1983 मध्ये बाहेर पडला, 1994 मध्ये परत आला, पुढे न्यूझीलंडात कोर्टाची भानगडही झाली. पण ठेका सरळ होता.

आणि माल्कम. तुम्ही त्याला ओळखत नसाल, कारण तो पुढे कधी आलाच नाही. पुढे अँगस. एका पायावर उड्या मारत स्टेजभर पळतो, जमिनीवर आडवा पडून गोल फिरतो, पंधरा-पंधरा मिनिटं एकटाच वाजवतो. बक्षिसं त्याला, शिट्ट्या त्याला. माल्कम मागे, ड्रमच्या बाजूला, आपल्या अँप्लिफायरला टेकून. गिटार जुनी, ग्रेच कंपनीची. तिच्यात तारांचा आवाज पकडणारे एकापेक्षा जास्त पिकअप होते, त्यानं एकच ठेवून बाकी काढून टाकले, कारण त्याला एकच आवाज पाहिजे होता. कोरस आला की तो आणि बेसवाला क्लिफ विल्यम्स चार पावलं चालत माइकपाशी यायचे, आपली ओळ म्हणायचे आणि तशीच चार पावलं मागे जायचे. वर्षानुवर्षं हेच. पण गाणी रचणारा तो, बँड चालवणारा तो, कुठे थांबायचं हे ठरवणारा तो. अँगस वाटेल तेवढा बहकू शकत होता, कारण मागे हा गडी हलत नव्हता.

ट्रॅकला हे जमत नाही. तांत्रिक गोष्ट आहे, नीट सांगतो. आपला नट रडण्याच्या सीनला लिहिलेलं तेवढंच बोलत नाही. समोर चार हजार माणसं धानाच्या मोकळ्या बांधीत बसलेली असतात, थंडी पडलेली असते, आणि एखाद्या वाक्याला बायांच्या बाजूनं हुंदका येतो. नटाला तो कळतो. तो तिथेच थांबतो, तेच वाक्य पुन्हा घेतो, वेगळं घेतो. आम्ही खाली बसून त्याच्या पायाकडे बघत असतो. तोंडाकडे नाही, पायाकडे, कारण वळायचं असलं की आधी पाय वळतो. तो लांबवतो तेवढं पेटीमास्तर सूर धरून ठेवतात, मी झांज नुसती घासत राहतो, आणि पाय वळला की धाडकन. गेल्या वर्षी त्या लॅपटॉपवाल्या कंपनीचा प्रयोग मी आमच्या शेजारच्या गावात प्रेक्षकात बसून बघितला. मधल्या अंकात नायिकेनं लोकांचा प्रतिसाद बघून वाक्य लांबवलं. सनई तिच्या आधी संपली. दोन-तीन सेकंद काहीच नाही, मग पुढच्या सीनचं मोटारीचं हॉर्न वाजलं. लोक हसले. ती पोरगी तिथून नाटक संपेपर्यंत एकही वाक्य लांबवायला गेली नाही. पहाटेपर्यंत घड्याळाकडे बघत बोलली. पोट्ट्याची चूक नव्हती. त्यानं बटण बरोबर वेळेवर दाबलं होतं.

वन्स मोरचं काय करता, तेही एकदा सांगा. लोक गाणं परत मागतात तेव्हा आपण मुखड्यावर येत नाही, सरळ त्या ओळीवर येतो जिथे शिट्टी पडली. ट्रॅक पहिल्यापासून सुरू होतो.

आता तुम्ही म्हणाल, माणसं मिळत नाहीत. म्हातारे मास्तर गेले, नवे शिकत नाहीत. बरोबर आहे. त्यासाठीच ती काळी कॅसेट.

1980 च्या फेब्रुवारीत या बँडचा गायक बॉन स्कॉट लंडनमध्ये वारला. रात्रभर दारू, गाडीत झोपला, उठला नाही. वय 33. आदल्याच वर्षी त्यांचा एक अल्बम अमेरिकेत जोरात चालला होता, म्हणजे नशीब उघडलं आणि हिरो गेला. त्यांनी बँड बंद करायचा विचार केला. अंत्यविधीला बॉनच्या वडिलांनीच चालू ठेवा म्हणून सांगितलं, असं म्हणतात. मग त्यांनी इंग्लंडातल्या न्यूकॅसलकडचा ब्रायन जॉन्सन आणला. त्याचा आधीचा बँड बसून गेला होता, आणि तो गाड्यांच्या छपरांवर विनाइल बसवायचा धंदा करत होता. म्हणजे आपल्यासारखाच, हंगाम नसला की दुसरं काम. बहामात जाऊन वसंत ऋतूत रेकॉर्डिंग केलं आणि 25 जुलैला 'बॅक इन ब्लॅक' बाजारात आला. गायक गेल्यापासून पाच महिने आणि काही दिवस. जगभरात पाच कोटींच्या आसपास प्रती खपल्याचं सांगतात.

त्या घंटेचंही ऐका, कारण तिच्यात माझा सगळा अर्ज आहे. घंटेचा आवाज कुठूनही उचलता आला असता. त्यांनी इंग्लंडातल्या लाफबरोच्या ओतकामाच्या कारखान्यात स्वतःसाठी घंटा ओतायला दिली, जवळपास 900 किलोची. ती तयार होईपर्यंत म्हणून आधी तिथल्याच एका मनोऱ्यातली घंटा रेकॉर्ड करायला गेले, तर प्रत्येक ठोक्याला आतली पाखरं फडफडत उडायची आणि टेपमध्ये पंखांचाच आवाज. शेवटी कारखान्यात जाऊन नव्या घंटेवर हातोडा मारला. पुढे दौऱ्यावर घंटा स्टेजवर टांगायचे आणि ब्रायन जॉन्सन स्वतः तिच्यावर हातोडा हाणायचा. एका ठोक्यासाठी एवढा खटाटोप.

ब्रायनला त्यांनी बॉनची नक्कल करायला लावली नाही. हे मला महत्त्वाचं वाटतं, कारण आपण उलट करतो. मी ज्या कंपनीत होतो तिथला म्हातारा विनोदी नट एका हंगामात मध्येच गेला. चार दिवसांत दुसरा उभा केला, आणि त्याला पहिल्याची लंगडी चाल, पहिल्याचं बोबडं बोलणं, सगळं पाठ करायला लावलं. लोक गप्प बसून राहिले. कोणी हूट केलं नाही, तेच वाईट. आठ-दहा प्रयोगांनंतर सिंदेवाहीकडे एका रात्री तो वैतागून आपल्याच चालीनं चालला, आणि तिथून त्याला हशा मिळायला लागला.

माल्कमचं पुढे काय झालं ते सांगतो. 1988 मध्ये दारू सोडण्यासाठी तो दौऱ्यातून बाजूला झाला, तेव्हा त्याचा पुतण्या स्टीव्ही त्याच्या जागी वाजवून गेला. वीसेक वर्षांनी माल्कमची स्मृती जायला लागली. स्वतः रचलेली, हजारदा वाजवलेली गाणी त्याला दौऱ्यात पुन्हा शिकून घ्यावी लागत होती, आणि तो शिकत होता. 2014 मध्ये थांबला. 2017 च्या नोव्हेंबरात गेला, वय 64. थोरला जॉर्ज त्याच्या महिनाभर आधी गेला होता.

आता विचार करा. माल्कमचा हात तीसहून जास्त वर्षांच्या रेकॉर्डवर पडलेला होता. दर गाण्याचा, दर ठोक्याचा. तो दिसतही नव्हता, मागे अंधारात उभा असायचा. ट्रॅक लावून दिला असता तर स्टेडियममधल्या किती जणांना कळलं असतं? त्यांनी परत स्टीव्हीला बोलावलं. तोही म्हातारा, अँगसपेक्षा दीड-पावणेदोन वर्षांनीच लहान पुतण्या. गिटारवर माणूस बसवला. बेसवाला क्लिफ निवृत्त झाला, ड्रमवर माणसं बदलली, आता फिल रडही दौऱ्यावर नसतो. पण प्रत्येक जागेवर कोणीतरी श्वास घेणारा आहे.

ही कंपनी साधुसंतांची आहे असं मात्र समजू नका. 2016 मध्ये ब्रायन जॉन्सनला डॉक्टरांनी सांगितलं की असंच गात राहिलास तर ठार बहिरा होशील. त्याला थांबावं लागलं, आणि त्यांनी दुसऱ्या एका मोठ्या बँडचा गायक घेऊन उरलेल्या तारखा उरकल्या. छत्तीस वर्षं गायलेला माणूस घरी आणि गाडी पुढे. मला ते आवडलं नाही. पुढे कानासाठी नवं यंत्र मिळालं आणि 2020 च्या अल्बमला तो परतला, तोवर त्याचं काय झालं असेल ते तोच जाणे. कानाचं निघालंच म्हणून सांगतो. आम्ही स्टेजच्या खाली, स्पीकरच्या बॉक्सच्या पुढ्यात बसतो. माझा उजवा कान गेली चार वर्षं रात्री झोपताना वाजतो. आमच्या तबलजीचाही वाजतो. यावर कोणत्याच कंपनीत कोणी कधी बोललं नाही, आम्हीही नाही. बॉक्स दोन हात पुढे सरकवायला पैसे लागत नाहीत.

माझं मागणं मोठं नाही. रेल्वे, बंदूक, घोडा, पाऊस, हे सगळं खुशाल लॅपटॉपवर घ्या. ते माझ्या पॅडपेक्षा त्यात बरं वाजतं. पण गाणं आणि रडणं यांच्यासाठी पेटी आणि एक ठेकेवाला, एवढी दोन माणसं जिवंत ठेवा. तिघांचा खर्च झेपत नसेल तर दोघांना बोलवा, आम्ही आपसात तारखा वाटून घेऊ. कोरोनात आख्खा हंगाम गेला तेव्हा आम्ही कोणाच्या दारात बसलो नव्हतो. रोवणीला गेलो, वायरिंगची कामं केली. आताही करू. पण एकदा मास्तरांनी पेटी विकली की ते पुन्हा घेणार नाहीत. आणि त्यांच्याकडे शिकायला येणारी दोन पोट्टी आहेत, एक नवरगावचं, एक आमच्याच गावचं. त्यांना मी या बँडची चित्रफीत मोबाइलवर दाखवली. अँगसला बघून दोघं खूप हसले. मग एकानं विचारलं, "मागचा तो उभा आहे तो कोण जी?" म्हटलं, तोच बघ.

त्या दोघांना यंदा कुठल्यातरी कंपनीत मास्तरांच्या शेजारी बसू द्या. नाईट नाही दिली तरी चालेल, जेवण आणि गाडीत जागा द्या. तीन-चार हंगामांत तुमचा स्टीव्ही तयार होईल.

दसऱ्यानंतर येतो वडशाला. ऑक्टोपॅडचा अडॅप्टर नवा घेतला आहे.

आपला,
एक ऑक्टोपॅडवाला
तालुका ब्रम्हपुरी